मांडवात, पाण्याच्या मागे मागे

माझ्या कॅमेऱ्याच्या पिशवीत दोन लेन्स, एक मऊ फडकं, पाण्याची बाटली आणि गवंड्याचा एक ओळंबा असतो. ओळंबा पितळी आहे, त्याची दोरी आता मळून काळी पडली आहे. घराची मागची भिंत बांधून घेतली तेव्हा गवंड्याकडून मागून घेतला होता. आज तो कुठल्याही लेन्सपेक्षा जास्त कामाला येतो.

माळव्याची जुनी राजधानी असलेल्या मांडवात हिंडोला महालापाशी पोचलो की मी तो बाहेर काढते. तोवर बरोबरच्या आठ-दहा जणांचे फोटो सुरू झालेले असतात आणि बहुतेकांच्या कपाळाला आठी पडलेली असते. मोबाइलच्या पडद्यावर भिंत तिरकी येते. कुणी मोबाइल फिरवून बघतं, कुणी चार पावलं मागे सरकतं, कुणी तिथल्या तिथे बोटानं फोटो ताणून भिंत उभी करून टाकतं. मग मी भिंतीला हात न लावता ओळंबा सोडते. खाली गोळा भिंतीच्या बुंध्याला टेकायला येतो. वर चार फुटांवर, माझ्या हातापाशी, दोरी आणि दगड यांच्यात सव्वा वीत अंतर असतं. भिंत खरंच तिरकी आहे. जमिनीशी तिचा कोन साधारण ७७ अंशांचा. आतल्या रुंद दालनावर मोठमोठ्या कमानी आहेत, कमानी भिंतींना बाहेर रेटतात, म्हणून भिंती बुंध्याशी जाड ठेवून वर निमुळत्या नेल्या. वरचं छत कधीच गेलं. कमानी मात्र उघड्या आभाळाखाली अजून उभ्या आहेत, त्या या तिरकेपणाच्या जिवावर. ज्यानं फोटोत भिंत सरळ केली, त्यानं त्या इमारतीतली सगळ्यात महत्त्वाची गोष्टच पुसून टाकली. ओळंबा बघितल्यावर लोक आपापला फोटो पुन्हा उघडतात आणि भिंत पुन्हा तिरकी करतात. तो क्षण मला फार आवडतो.

मी सरदारपूरची. धार जिल्ह्यातलं, माही नदीकाठचं हे तालुक्याचं गाव. इंदूरहून अहमदाबादच्या रस्त्यानं जाताना धार मागे टाकलं की लागतं. इंग्रजांच्या काळात इथे भोपावर एजन्सीचा पोलिटिकल एजंट राहायचा आणि माळवा भिल्ल पलटणीची छावणी होती. आजूबाजूचा मुलूख अमझेऱ्याचा. अमझेऱ्याच्या राणा बख्तावरसिंहांना इंग्रजांनी १८५८ च्या फेब्रुवारीत इंदुरात फाशी दिलं आणि संस्थान ग्वाल्हेरच्या शिंद्यांकडे गेलं. त्या शिंदेशाही कचेरीत कारकून म्हणून माझे खापरपणजोबा आले आणि इथलेच झाले. घरात आम्ही मराठी बोलतो, ओटा उतरलो की माळवी. शाळेत तीस वर्षं चित्रकला शिकवली. कॅमेरा हातात आला तो खरमोरामुळे.

खरमोर म्हणजे माळरानावरचा, माळढोकाच्या कुळातला छोटा पक्षी. त्याच्यासाठी आमच्याकडे १९८३ साली अभयारण्य झालं. पावसाळ्यात गवत वाढलं की नर गवतावरून उंच उडी मारतो, क्षणभर दिसतो आणि पुन्हा बुडतो. त्या एका उडीसाठी मी अख्ख्या सकाळी बांधावर बसून काढल्या आहेत. त्या बैठकीनं मला एक शिकवलं, की कॅमेरा डोळ्याला लावण्याआधी जागा समजून घ्यावी लागते. वारा कुठून येतो, गवत कुठे आखूड आहे, पक्षी काल कुठे होता. पुढे खरमोर दिसेनासा होत गेला आणि मी मांडवाकडे वळले. तिथे सवय तीच राहिली.

सरदारपूरहून धारमार्गे मांडव साधारण ८० किलोमीटर. महिन्यातून एका रविवारी मी लोकांना घेऊन जाते. इंदूरचे निवृत्त बँकवाले काका असतात, धारच्या कॉलेजातल्या मुली असतात, पुण्याहून माहेरी आलेली एखादी असते. दहापेक्षा जास्त माणसं घेत नाही. कॅमेरा कुठलाही चालतो, मोबाइलही. स्मारकं सूर्योदयाला उघडतात, तेव्हा आम्हाला फाटकाशी हजर असायचं असतं. ट्रायपॉड लावायचा तर पुरातत्त्व खात्याची आगाऊ परवानगी लागते. तो नसला तरी अडत नाही, कोपर बरगडीला टेकवून श्वास रोखला की पहाटेच्या उजेडातही हात स्थिर राहतो. ड्रोन परवानगीशिवाय उडवायचाच नाही.

आणखी एक नियम माझ्या स्वतःच्या चुकीतून आला. पंधराएक वर्षांपूर्वी एका पडक्या कमानीचा वरून फोटो हवा म्हणून मी बाजूच्या भिंतीवर चढले. पायाखालचा एक दगड सुटला आणि खाली जाऊन दोन तुकडे झाला. मला खरचटलंही नाही. पण चारपाचशे पावसाळे काढलेला दगड माझ्या एका फोटोपायी गेला. तो फोटो मी कधी कुणाला दाखवला नाही. तेव्हापासून आमच्या फेरीत भिंतीवर पाय नाही, कठड्यावर बसणं नाही, भिंतीला बॅग टेकवणंसुद्धा नाही.

आता मांडवाबद्दल. विंध्याच्या कड्यावर, समुद्रसपाटीपासून दोन हजार फुटांवर पसरलेलं हे पठार. उत्तरेला काकडा खोहची खोल दरी त्याला माळव्यापासून तोडते, दक्षिणेला कडा एकदम निमाडच्या मैदानात उतरतो. १४०१ साली दिलावरखान घोरीनं दिल्लीपासून फारकत घेतली, आणि त्याचा मुलगा होशंगशाह यानं धारहून राजधानी इथे आणली. मागून महमूद खिलजी, घियासुद्दीन, नासिरुद्दीन. या शहराला त्यांनी शादियाबाद म्हटलं, म्हणजे आनंदनगरी. १५३१ मध्ये गुजरातच्या बहादूरशाहानं ते घेतलं, १५६१ मध्ये अकबराच्या फौजेपुढे इथला सुलतान बाजबहादूर हरला. १६१७ साली जहांगीर इथे काही महिने राहिला, जुन्या महालांची त्यानं डागडुजी करवून घेतली. पुढे माळवा मराठ्यांकडे आला तेव्हा पवारांनी धारला बसणं पसंत केलं, आणि मांडव रानात बुडत गेलं.

एवढा इतिहास मी गाडीतच सांगून टाकते. फाटकातून आत शिरल्यावर मात्र एकच प्रश्न विचारते: इथे नदी नाही, मग एवढं शहर पाणी कुठून प्यायचं?

आमची सगळी फेरी या प्रश्नाच्या मागे मागे जाते. पडक्या वास्तूत माणूस आला की त्याला पडझड दिसते. तुटलेली कमान, भेगेतलं पिंपळाचं रोप, भिंतीवरचं शेवाळ. फोटोही त्याचेच निघतात आणि सगळे एकसारखे निघतात. मांडव असो, बिजापूर असो, नाहीतर कंबोडियातलं अंगकोर. पाण्याचा माग काढत गेलं की शहर दिसायला लागतं. बांधणाऱ्यानं उतार कुठे दिला, पाणी कुठे अडवलं, कुठे संथ केलं हे कळतं, आणि फोटोला आपोआप विषय मिळतो.

जहाज महाल आधी. पश्चिमेला मुंज तलाव, पूर्वेला कपूर तलाव, आणि मधल्या चिंचोळ्या पट्टीवर सव्वाशे पावलांत न संपणारी ही दुमजली लांबोडकी इमारत. घियासुद्दीननं बांधली असं मानतात. पावसाळ्यानंतर दोन्हीकडे पाणी भरलं की नावाचा खुलासा होतो. दर्शनी बाजू पूर्वेकडे आहे, म्हणून सकाळचं कोवळं ऊन थेट तोंडावर येतं, आणि समोरच्या तवेली महालाच्या गच्चीवरून ती पूर्ण दिसते. सगळ्यांना तिथेच थांबावंसं वाटतं. मी त्यांना जहाज महालाच्या गच्चीवर नेते आणि खाली बघायला लावते. पायाशी दगडात कोरलेली पाण्याची पन्हाळ आहे. ती सरळ जात नाही. एका ठिकाणी गोगलगाईच्या शंखासारखी वेटोळी घेते आणि मग पुढे कुंडात उतरते. रहाटानं वर चढवलेलं पाणी त्या वेटोळ्यात शिरलं की वेग मोडतो, गाळ तळाशी बसतो, आणि निवळलेलं पाणी पुढे जातं. दिसायला नक्षी, करायला गाळणी.

हिचा फोटो कसा काढायचा? उभ्यानं वरून काढला तर जमिनीवर रांगोळी काढल्यासारखी सपाट दिसते. गुडघे टेकून, कॅमेरा जमिनीपासून वीतभर उंच धरून, सूर्य समोर ठेवून बघितलं की पन्हाळीच्या एका कडेला सावली भरते, दुसरी कडा चमकते आणि खोली कळते. पण सकाळी आठच्या आत. एकदा ऊन चढलं की पन्हाळ पुन्हा सपाट. धारची एक मुलगी मागे बाटलीतलं थोडं पाणी त्यात ओतून बघू का म्हणाली. मी नको म्हटलं, चार थेंबांनी काही बिघडलं नसतं तरी. ती मग तशीच पालथी पडून राहिली आणि वीस मिनिटांनी उठली. तिच्या फोटोत कोरडी पन्हाळ होती, पण बघणाऱ्याला पाणी वाहतंय असं वाटावं असा उजेड त्यात वळत गेला होता.

तिथून चंपा बावडी. वरून पाहिली तर चाफ्याच्या फुलासारखी, म्हणून हे नाव. खाली बावडीच्या पाण्याला लागून तळघरातल्या खोल्या आहेत. पाण्यावरून येणारी हवा त्यांत खेळायची आणि वैशाखातही थंडावा राहायचा. लागूनच शाही हमाम. त्याच्या छताला चांदण्यांच्या आकाराची भोकं ठेवली आहेत. आत अंधार, आणि जमिनीवर उजेडाच्या चांदण्या पडलेल्या. फोटोसाठी याहून सुंदर जागा मला माहीत नाही, आणि इथेच सगळ्यांचे फोटो फसतात, कारण कॅमेरा अंधाराला उजळ करायला जातो आणि चांदण्यांचे पांढरे ठिपके होऊन जातात. मोबाइलवर बोट त्या उजेडाच्या ठिपक्यावरच ठेवायचं आणि प्रकाश कमी करत न्यायचा. खोली काळी पडेल, पडू द्यायची.

त्याआधी मी एक खेळ करते. एक वाळकं पान उचलून एका चांदणीच्या कडेला ठेवते आणि सगळ्यांना गप्प बसवते. मिनिटाभरात चांदणी पानावरून बोटभर सरकलेली असते. कुणी बोलत नाही. पृथ्वी फिरते हे शाळेत सगळेच शिकलेले असतात, पण ती फिरताना पायाशी बघायला हमामातच मिळते.

कॅमेरा मांडवात पहिल्यांदा आणणारे आपण नव्हे, हेही मी सांगते. आपल्याकडे कॅमेरा आला आणि लवकरच पडक्या शहरांच्या मागे लागला. मुंबईत १८५४ साली फोटोग्राफिक सोसायटी निघाली, तिच्यात डॉ. भाऊ दाजींचे बंधू नारायण दाजी होते. पुढच्याच वर्षी थॉमस बिग्ज नावाच्या लष्करी अधिकाऱ्याला मुंबई सरकारनं बिजापूर, ऐहोळे, बदामीच्या वास्तू टिपायला पाठवलं. इंदुरात नोकरीला असलेले लाला दीनदयाळ १८८२ मध्ये लेपेल ग्रिफिन या साहेबाबरोबर मध्य भारतातल्या स्मारकांचा दौरा करून आले. काचांच्या जड पेट्या घेऊन, कच्च्या रस्त्यांनी. मांडवात त्याही आधी कॅप्टन क्लॉडियस हॅरिस कागद-पेन्सिल घेऊन येऊन गेला होता. त्याच्या रेखाटनांवरून केलेला चित्रसंग्रह १८६० मध्ये लंडनला छापला गेला.

आणि मांडव पायी दाखवायची कल्पनाही जुनीच. भोपावर एजन्सीचा पोलिटिकल एजंट कॅप्टन अर्नेस्ट बार्न्स यानं १९०२ साली धार आणि मांडव बघायला येणाऱ्यांसाठी एक पुस्तिका लिहिली. त्याच वर्षी लॉर्ड कर्झन मांडव बघून गेला, आणि रान तोडून इमारती मोकळ्या करण्याच्या कामाला जोर आला. इकडे धार संस्थानच्या शिक्षण खात्यात काशीनाथ कृष्ण लेले हे आपले मराठी गृहस्थ शिलालेख वाचत, जमवत होते. १९२९ मध्ये गुलाम याझदानींचं मांडवावरचं इंग्रजी पुस्तक आलं, आणि पुढे पुरातत्त्व खात्यासाठी डी. आर. पाटलांनी लिहिलेली मार्गदर्शिका. पाटलांची ती मार्गदर्शिका माझ्या पिशवीत असते. नव्या माणसानं तीच आधी वाचावी असं माझं मत आहे.

याझदानींच्या पुस्तकातल्या छायाचित्रांच्या झेरॉक्स मी वाटते. प्रत्येकाला एक. काम एवढंच की हा फोटो जिथून काढला ती जागा शोधून काढायची आणि तिथे उभं राहायचं. सोपं वाटतं, पण तास जातो. जवळचा खांब आणि लांबचा घुमट फोटोत एकमेकांना जिथे शिवतात, तिथे ते तुमच्या डोळ्यांपुढे शिवेपर्यंत डावीकडे-उजवीकडे सरकायचं. मग उंचीसाठी मागेपुढे. एका क्षणी सगळं जुळतं आणि कळतं, जवळपास शंभर वर्षांपूर्वी कुणीतरी नेमका इथे, या फरशीवर उभा होता. हंपीत हे फार मोठ्या प्रमाणावर झालं आहे. अलेक्झांडर ग्रीनलॉनं १८५६ मध्ये हंपीचे फोटो काढले, आणि जॉन गॉलिंग्ज या ऑस्ट्रेलियन छायाचित्रकारानं १९८० च्या दशकात त्याच जागांवर उभं राहून ते पुन्हा काढले. दोन्ही शेजारी ठेवले की काय पडलं, काय सावरलं, झाड कुठे वाढलं ते एका नजरेत कळतं. पुरातत्त्वाच्या दृष्टीनं ही मोलाची गोष्ट आहे. असे फोटो काढायला कलावंत असावं लागत नाही, धीर लागतो.

होशंगशाहाची कबर दुपारी. शुभ्र संगमरवर, त्यामुळे भर उन्हात बाहेरचा फोटो निघत नाही. आत जाळ्यांतून झिरपणारा उजेड मात्र दुपारीच चांगला असतो. दाराजवळ एक फारसी लेख आहे, १६५९ सालचा. शाहजहानचे वास्तुकार इथे येऊन गेले, असं तो सांगतो. लुत्फुल्लाह मुहंदिस, ख्वाजा जादूराय, उस्ताद शिवराम आणि उस्ताद हामिद. लुत्फुल्लाह हा उस्ताद अहमद लाहोरीचा मुलगा, आणि ताजमहालाचं श्रेय त्या उस्ताद अहमदला दिलं जातं. यावरून बरेच जण सांगतात, की ताज बांधण्याआधी नमुना बघायला ते इथे आले होते. पण तारीख बघा. १६५९ च्या आधीच ताज उभा राहिला होता. माझ्या मनाला खरी गोष्ट जास्त भिडते. ज्या बापानं ताज उभा केला, तो गेल्यानंतर त्याचा मुलगा आपल्या सोबतच्या कारागिरांना घेऊन दोनशे वर्षांपूर्वीच्या अनोळखी गवंड्यांचं काम बघायला हा घाट चढून आला, आणि दाराशी नाव लिहून गेला. त्या अक्षरांपुढे मी दर वेळी थोडी रेंगाळते. तिथे फ्लॅश वापरत नाही. बाजूनं एक पांढरा कागद धरला तरी अक्षरं उठून दिसतात.

मग अशर्फी महाल. मूळचा मदरसा. एका कोपऱ्यावर महमूद खिलजीनं मेवाडच्या राणा कुंभावर विजय मिळाला म्हणून सात मजली मनोरा उभारला होता, आता नुसता बुंधा उरलाय. तिकडे राणा कुंभानं त्याच वैरातल्या आपल्या विजयाचा स्तंभ चितोडला उभारला, तो अजून दिमाखात आहे. इथे मी लोकांना नसलेल्या मनोऱ्याचा फोटो काढायला सांगते. बहुतेक जण बुंधा खाली ठेवून वर भरपूर आभाळ सोडतात.

जेवायला दाल-पानिये. मक्याच्या पिठाचे जाड गोळे रुईच्या पानांत दाबून गोवऱ्यांवर भाजतात. हे इथल्या भिल्लांचं अन्न आणि मांडवात ते उत्तम मिळतं. जेवण झाल्यावर रेवाकुंड, बाजबहादूरचा महाल आणि शेवटी कड्यावरचा रूपमती मंडप. बाजबहादूरची राणी रूपमती रोज नर्मदेचं दर्शन घ्यायला इथे यायची, ही कथा सगळ्यांना ठाऊक असते. मुळात ही टेहळणीची चौकी होती. खालचं निमाड इथून पार दिसतं. ऑक्टोबरात हवा धुतल्यासारखी असते, तेव्हा क्षितिजाशी नर्मदेची चांदीची रेघ उमटते. फोटोत ती जवळजवळ येतच नाही. मी सांगते, कॅमेरा ठेवून द्या आणि डोळ्यांनी बघा.

मांडव नुसतं स्मारक नाही, नांदतं गाव आहे. तटाच्या आत वस्त्या आहेत, शेतं आहेत, महालांच्या सावलीत बकऱ्या बसतात. रस्त्याकडेला बायका खुरासानी इमली विकतात. आफ्रिकेतून आलेल्या, हत्तीच्या पायासारख्या बुंध्याच्या गोरखचिंचेची ही फळं. लोक झाडासकट त्या बायकांचे फोटो सर्रास, न विचारता काढतात. आमच्या फेरीत आधी विचारायचं, नाही म्हटलं तर कॅमेरा खाली, आणि हो म्हटलं तर पुढच्या महिन्यात कागदावर छापलेला फोटो आणून द्यायचा. तो मी स्वतः पोचवते.

तीन वर्षांपूर्वी सप्टेंबरात मुंज तलावाच्या काठी इमली विकणाऱ्या एका बाईचा फोटो काढला होता. मागे तलाव तुडुंब आणि जलमहालाच्या भिंती पाण्यात उभ्या. पायाला प्लास्टर असल्यानं मला पुढचे महिने जमलंच नाही आणि फोटो तिच्या हाती पडला तो थेट मे महिन्यात. तलावाच्या तळाला तेव्हा भेगा पडल्या होत्या. तिनं फोटो दोन्ही हातांत धरला. स्वतःच्या चेहऱ्याकडे क्षणभरच बघितलं. मग फोटोतल्या जलमहालाच्या भिंतीवर बोट ठेवलं, मान वळवून समोरच्या कोरड्या भिंतीकडे पाहिलं, दगडांचे थर मोजले आणि म्हणाली, "यहाँ तक आया था, बाई. तीसरे पत्थर तक. उसके पहले के साल दूसरे तक ही था."

तेव्हापासून प्रत्येक फेरीत त्याच जागेवरून, इमलीच्या टोपलीच्या उजव्या हाताला उभं राहून, आम्ही जलमहालाच्या त्या भिंतीचा एक फोटो काढतो. आतापर्यंत एकतीस झालेत. तिच्या घरी एक पत्र्याची पेटी आहे, एक प्रत तिच्याकडे असते. गेल्या पावसाळ्यात पाणी तिसऱ्या थराच्या वर चार बोटं चढलं होतं. ते आधी तिनं सांगितलं, मग आम्ही फोटोत मोजलं.